तुरिस्त ओमेर आणि हश्मेत : एका नटाची वाटणी

1973 सालच्या एका तुर्की चित्रपटात बंदुकीच्या धाकाखाली लग्नाला उभा केलेला एक फाटका, घरदार नसलेला माणूस ऐन समारंभातून नाहीसा होतो आणि परग्रहावर जाऊन पडतो. परग्रह म्हणून आपल्याला दिसतात ते एजियन समुद्राजवळच्या इफेससचे प्राचीन अवशेष. अंतराळयानाचा कप्तान, त्याचा टोकदार कानांचा सहकारी, त्यांचे गणवेश आणि कथानकाचा सांगाडा हे सारे 'स्टार ट्रेक' या अमेरिकन दूरचित्रवाणी मालिकेतून, मुख्यतः 1966 साली प्रक्षेपित झालेल्या तिच्या 'द मॅन ट्रॅप' या भागातून, परवानगीच्या भानगडीत न पडता उचललेले आहे. त्या मालिकेवर अमेरिकेत पहिला चित्रपट निघाला तो 1979 साली, म्हणजे त्याआधी सहा वर्षे इस्तंबूलच्या एका निर्मात्याने तो करून टाकला होता. 'तुर्की स्टार ट्रेक' या नावाने हा चित्रपट आज जगभरातल्या हौशी प्रेक्षकांत फिरतो आणि लोक तो हसण्यासाठी पाहतात. मात्र हे हसू बहुतेक वेळा त्यातल्या विनोदाला आलेले नसते, ते त्याच्या गरिबीला, स्वस्त सजावटीला आणि उघड उसनवारीला आलेले असते.

मीही तो पहिल्यांदा अशाच घोळक्यात पाहिला. पण पंधरा-वीस मिनिटांनंतर माझे लक्ष सजावटीवरून उडाले आणि त्या फाटक्या माणसावर खिळले. भोवतीचे सगळे नट 'आपण अंतराळात आहोत' असा अभिनय करत होते. हा एकटा माणूस मात्र इस्तंबूलच्या एखाद्या गल्लीतून नुकताच उठून आल्यासारखा, समोरच्या यंत्राला, अधिकाऱ्याला आणि राक्षसाला एकाच सुरात बोलत होता, आणि त्यामुळे त्या सगळ्या खोट्या जगात खरा वाटणारा तेवढाच होता. त्या नटाचे नाव सद्री आलिशिक. 'तुरिस्त ओमेर', म्हणजे 'पर्यटक ओमेर', या पात्राच्या मालिकेतला तो त्यांचा शेवटचा चित्रपट होता. याच माणसाने सात वर्षांपूर्वी, 1966 साली, आतिफ यिल्माझ यांच्या 'आह गुझेल इस्तंबूल' या चित्रपटात हश्मेत हे पात्र उभे केले होते, आणि तुर्की चित्रपटाचा गंभीरपणे विचार करणारे बहुतेक लोक त्या चित्रपटाला त्या देशाच्या श्रेष्ठ कृतींमध्ये स्थान देतात.

येथूनच वाटणी सुरू होते. एक आलिशिक अभ्यासकांच्या, चित्रपट महोत्सवांच्या आणि पुस्तकांच्या वाट्याला जातात, दुसरे दूरचित्रवाणीवरच्या दुपारच्या प्रक्षेपणांच्या आणि परदेशी हौशी लोकांच्या वाट्याला. पहिल्यांबद्दल आदराने लिहिले जाते. दुसऱ्यांबद्दल घरगुती माया असते किंवा थट्टा असते, विचार मात्र सहसा होत नाही. अष्टपैलू नट असे त्यांना सर्वच म्हणतात, पण त्या शब्दाचा अर्थ बहुधा असा घेतला जातो की, एका चांगल्या नटाला पोटासाठी हलकी कामेही करावी लागली. मला हा अर्थ चुकीचा वाटतो. ओमेर ही हश्मेतच्या आधीची तयारी होती, आणि ती तयारी ज्या घाईच्या, कंजूष, बाजारू चित्रपटधंद्यात झाली त्या धंद्यावाचून हश्मेत घडलाच नसता. म्हणून या नटाची स्मृती जपायची तर ती अखंड जपावी लागेल. कोणते चित्रपट दुरुस्त करायचे, कोणते शिकवायचे आणि कोणते सोडून द्यायचे हे ठरवणाऱ्या संस्थांसमोर आज हा प्रश्न प्रत्यक्ष उभा आहे, म्हणून तो मांडतो आहे.

आलिशिक यांचा जन्म 5 एप्रिल 1925 रोजी इस्तंबूलमध्ये, बॉस्फरसच्या आशियाई काठावरच्या पाशाबाहचे या वस्तीत झाला. त्यांनी ललित कला अकादमीत चित्रकलेचे शिक्षण घेतले. चित्रकला त्यांनी आयुष्यभर सोडली नाही, कविताही लिहिल्या. रंगभूमीवर ते तरुणपणीच उभे राहिले. पडद्यावरचे पहिले काम 1944 सालच्या 'ग्युनाहसिझलार', म्हणजे 'निरपराध', या फारुक केंच यांच्या चित्रपटातले. केंच यांचे नाव येथे मुद्दाम घेतो आहे, कारण पैसे आणि वेळ वाचवण्यासाठी चित्रपट आधी मूक चित्रित करायचा आणि आवाज नंतर बंद खोलीत भरायचा, ही पद्धत तुर्कस्तानात रूढ झाली ती त्यांच्या 1943 सालच्या चित्रपटापासून. पुढची कित्येक दशके तुर्की चित्रपट याच पद्धतीने तयार झाले, आणि आलिशिक यांचा जवळजवळ सगळा अभिनय याच पद्धतीच्या चौकटीत झाला.

ही चौकट समजल्याखेरीज या नटाचे मोल कळत नाही. 1948 साली तुर्कस्तानात देशी चित्रपटांवरचा करमणूक कर 25 टक्क्यांपर्यंत खाली आणला गेला, परदेशी चित्रपटांवर मात्र तो 70 टक्के राहिला. एका आर्थिक निर्णयाने देशी चित्रपट काढणे फायद्याचे झाले, आणि इस्तंबूलच्या बेयोलू भागातल्या येशिल्चाम नावाच्या गल्लीच्या आसपास निर्मात्यांच्या कचेऱ्या दाटल्या. 'हिरवा पाइन' असा अर्थ असलेले त्या गल्लीचे नावच पुढे साऱ्या चित्रपटधंद्याचे नाव झाले. 1960 च्या दशकाच्या मध्यावर वर्षाला दोनशेहून अधिक चित्रपट निघू लागले, आणि 1972 च्या सुमारास हा आकडा तीनशेच्या घरात गेला. एवढे चित्रपट काढण्याइतके भांडवल कोणाजवळच नव्हते. अदाना, इझमीर, सामसून अशा ठिकाणच्या प्रादेशिक वितरकांनी आगाऊ दिलेल्या हुंड्यांवर धंदा चालत असे. या वितरकांना आपापल्या भागातल्या प्रेक्षकांची आवड ठाऊक होती, आणि अमुक नट घ्या, अमुक प्रकारची गोष्ट घ्या असे ते निर्मात्याला सांगत. नटाच्या कारकिर्दीचा आराखडा अशा रीतीने त्याच्या हाती नव्हता आणि बहुधा दिग्दर्शकाच्याही हाती नव्हता.

चित्रीकरण काही आठवड्यांत उरकायचे. फिल्मची रिळे महाग, त्यामुळे एकच दृश्य पुन:पुन्हा घेण्याची सोय नाही. आवाज नंतर भरायचा असल्याने चित्रीकरणाच्या वेळी एक सूचक मोठ्याने वाक्ये सांगत असे आणि नट ती त्याच्यामागून म्हणत. पाठांतराला वेळच नसे. ज्या नटाने आदल्या दिवशी दुसऱ्या चित्रपटात दुसरेच पात्र रंगवले आहे, त्याने सकाळी येऊन, कानावर पडलेले वाक्य ऐकता ऐकता ते स्वतःला सुचल्यासारखे बोलायचे, ही अपेक्षा होती. पुष्कळ नायक-नायिकांना पडद्यावर आवाज दुसऱ्याचाच असे. येशिल्चामचा सर्वांत लाडका नायक आयहान इशिक याचा आवाजही अनेक चित्रपटांत त्याचा स्वतःचा नाही.

ओमेर आणि हश्मेत या दोघांना मात्र आलिशिक यांनी आपला आवाज दिला, आणि माझ्या मते ही त्यांच्या कारकिर्दीतली सर्वांत महत्त्वाची गोष्ट आहे. त्यांना एकच भूमिका दोनदा करावी लागे. एकदा कॅमेऱ्यासमोर, शरीराने; आणि काही आठवड्यांनी पुन्हा ध्वनिमुद्रणाच्या खोलीत, पडद्यावर हलणाऱ्या आपल्याच ओठांकडे पाहत, निव्वळ आवाजाने. या दुसऱ्या खेपेला ते पहिल्या खेपेचा अभिनय नुसता पुन्हा करत नसत. त्यात ते भर घालत. चेहरा हसत असताना आवाजात थोडी पडझड, वाक्य संपल्यावर एखादा अस्फुट सुस्कारा, शब्दाच्या शेवटी ओढलेला स्वर. चेहरा एक सांगतो आणि आवाज दुसरे, आणि दोन्ही मिळून तिसरेच काही ऐकू येते, हा त्यांच्या अभिनयाचा गाभा मला येथे सापडतो. तो एखाद्या तंत्रशाळेत शिकवता आला असता असे वाटत नाही. एका गरीब धंद्याने लादलेली ही अडचण एका तल्लख नटाने आपल्या कामी लावली.

1959 साली लुत्फी अकाद यांनी 'याल्निझलार रिहतिमी' हा चित्रपट काढला. नावाचा अर्थ 'एकाकी माणसांचा धक्का'. पटकथा कवी अतिला इल्हान यांची, टोपणनावाने लिहिलेली. नायिका त्यांची बहीण चोल्पान इल्हान, आणि नायक आलिशिक. बंदरावरचा बार, धुके, दर्यावर्दी, पुन:पुन्हा निसटणारे सुख. त्या काळच्या टीकाकारांना तो फ्रेंच चित्रपटांची छाया वाटला, आणि त्यांचे म्हणणे खोटे नाही. पण त्या छायेतही आलिशिक यांचा संयम लक्षात राहतो, आणि त्याहून महत्त्वाचे म्हणजे त्यांच्यात गंभीर नायक होता हे विनोदी नट म्हणून त्यांची ओळख होण्याच्या आधीच सिद्ध झाले होते. म्हणजे 'विनोदी नटाने एकदा गंभीर काम करून दाखवले' ही नेहमीची कथा त्यांना लागू पडत नाही. आलिशिक आणि चोल्पान इल्हान यांचा विवाहही त्याच वर्षी झाला.

त्यानंतर वितरकांच्या बाजाराने त्यांना नायकाच्या मित्राच्या जागी नेऊन बसवले. 1961 साली सुरू झालेल्या 'क्युचुक हानिमएफेंदी' या चित्रपटमालिकेत बेल्गिन दोरुक नायिका, आयहान इशिक नायक, आणि आलिशिक तिसरे. तिसऱ्या माणसाचे काम म्हणजे प्रेमकथेला वेग देणे आणि लोकांना हसवणे. 1963 सालच्या हुल्की सानेर यांच्या 'हेलाल ओल्सुन अली आबी' या चित्रपटातही नायक आयहान इशिकच होता. त्यात आलिशिक यांच्या वाट्याला आलेल्या दुय्यम पात्राचे नाव होते तुरिस्त ओमेर. चुरगळलेली टोपी, ढगळ कपडे, सैल चाल आणि हाताचा तो खास सलाम. लोकांनी हे पात्र असे उचलून धरले की पुढच्याच वर्षी सानेर यांना त्याच्याच नावाने चित्रपट काढावा लागला, आणि मग 1973 पर्यंत ओमेर जर्मनीला गेला, अरबस्तानात गेला, नरभक्षकांत गेला, बैलांच्या झुंजीत उतरला आणि अखेर अंतराळात पोहोचला.

1964 हे वर्ष मराठी वाचकासाठी आणखी एका कारणाने लक्षणीय आहे. राज कपूर यांचा 1951 सालचा 'आवारा' 1955 च्या सुमारास तुर्कस्तानात दाखवला गेला तेव्हा त्याने तेथे अफाट लोकप्रियता मिळवली. मुंबईत तयार झालेल्या त्या चित्रपटाचे शीर्षकगीत इस्तंबूलच्या रस्त्यांवर गुणगुणले जात होते, आणि 'आवारे' हा शब्द तुर्कीत फारसीवाटे आधीपासून असल्यामुळे तो भाषांतर करण्याचीही गरज नव्हती. या चित्रपटाची तुर्की आवृत्ती 1964 साली निघाली, आणि राज कपूर यांची भूमिका केली सद्री आलिशिक यांनी. नायिका होती पुढे पॉप गायिका म्हणून विख्यात झालेली अज्दा पेक्कान. ओमेरचा जन्म 'आवारा'तून झाला असे म्हणण्याचे धाडस मी करणार नाही, कारण ओमेर एक वर्ष आधीच पडद्यावर आला होता. पण एकाच वर्षी एकाच नटाने हे दोन भटके रंगवावेत, आणि दोघांनाही प्रेक्षकांनी आपले मानावे, यातून त्या काळच्या शहरांची एक भूक दिसते. खेड्यांतून लोक इस्तंबूलमध्ये लोटत होते, रातोरात घरे उठत होती, 1961 च्या करारानंतर हजारो माणसे जर्मनीच्या कारखान्यांकडे निघाली होती. अशा वेळी ज्याच्यापाशी काहीच नाही तरी जो कोणापुढे वाकत नाही, अशा माणसाला पाहणे ही निव्वळ करमणूक नव्हती.

ओमेर कोण आहे याचा विचार करताना त्याच्या नावाकडे मी पुन:पुन्हा वळतो. तो पर्यटक आहे, पण स्वतःच्याच शहरात. त्याला घर नाही, नोकरी नाही, उद्याची चिंता नाही, आणि म्हणून त्याला सगळीकडे पाहुण्यासारखे वागता येते. श्रीमंताच्या दिवाणखान्यात तो जितका मोकळा असतो तितकाच पोलीस ठाण्यात. त्याच काळात पडद्यावर इतरही विनोदी पात्रे होती. फेरिदून काराकाया यांचा 'जिलाली इबो', ओझतुर्क सेरेंगिल यांचा 'अदानाली तायफुर'. त्यांच्याशी तुलना केली की फरक कळतो. सेरेंगिल यांचा तायफुर भाषेच्या मोडतोडीतून आणि आक्रमक उसळीतून हसवतो. ओमेर क्वचितच उसळतो. तो ऐकतो. समोरचा माणूस बोलत असताना त्याच्या चेहऱ्यावर जे चालते त्यात बहुतेक विनोद असतो, आणि त्या ऐकण्यातच एक दुखरी जागाही असते, कारण ज्याला कोणी काही सांगत नाही असा माणूस कोणी बोलू लागले की फार लक्षपूर्वक ऐकतो.

1965 सालच्या 'शाका इले कारिशिक' या चित्रपटातला ऑफसाइड उस्मान हा ओमेरचा चुलत भाऊच म्हणावा असा. न्यायालयात उभा राहून तो फुटबॉलच्या भाषेत न्यायाधीशाला विचारतो की, हाही गोल नाही का. आयुष्यभर चांगुलपणाने केलेला प्रत्येक गोल ज्याच्या बाबतीत बाद ठरवला गेला, त्याचा हा प्रश्न आहे. हे वाक्य तुर्की लोकांच्या तोंडी म्हणीसारखे बसले आहे. ज्यांनी तो चित्रपट पाहिला नाही त्यांनाही ते ठाऊक असते. विनोदी पात्राच्या तोंडून आलेला, हसवता हसवता गळा दाटून आणणारा तो प्रवेश पाहिला की ओमेर आणि हश्मेत यांच्यामधला पूल डोळ्यांना दिसतो.

आता हश्मेतकडे येतो. 'आह गुझेल इस्तंबूल'ची पटकथा साफा ओनाल आणि आयशे शासा यांनी लिहिली. हश्मेत इब्रिकतारोलू हा रस्त्यावर लोकांची छायाचित्रे काढून पोट भरतो. त्याच्या आडनावात राजवाड्यातल्या एका मानाच्या पदाची आठवण आहे: इब्रिकतार म्हणजे सुलतानासाठी पाण्याची झारी सांभाळणारा. घराणे धुळीला मिळाले आहे, उरले आहे ते बॉस्फरसच्या काठचे खोपट, जुन्या संगीताची आवड, बोलण्यातली खानदानी अदब आणि दारू. नटी होण्याच्या ओढीने घर सोडून शहरात आलेल्या आयशे नावाच्या मुलीची त्याच्याशी गाठ पडते, तो तिला शहराच्या तोंडातून वाचवू पाहतो आणि शहर तिला हळूहळू आपल्या जत्रेतली एक झगमगती वस्तू बनवते. आयशेची भूमिका आयला आलगान यांनी केली. त्यांनी न्यूयॉर्कच्या ॲक्टर्स स्टुडिओत अभिनयाचे धडे घेतले होते. या दोघांना एकत्र पाहणे हा एक स्वतंत्र आनंद आहे, कारण दोन वेगळ्या शाळा एकमेकींसमोर उभ्या असतात. आलगान यांचा अभिनय आतून बाहेर येतो, प्रत्येक प्रतिक्रिया त्या जणू नव्याने शोधतात. आलिशिक यांचा अभिनय बाहेरून आत जातो: आधी बोलण्याची लय, आधी उभे राहण्याची ढब, आणि मग अचानक त्या ढबीला तडा.

चित्रपटाच्या सुरुवातीलाच हश्मेत थेट आपल्याकडे पाहून बोलतो, आपली ओळख करून देतो. या प्रवेशाबद्दल बरेच लिहिले गेले आहे आणि बहुतेक जण त्यात आधुनिक युरोपीय चित्रपटाची हाताळणी शोधतात. मला मात्र त्यात कॉफीगृहात बसून हातातला रुमाल आणि काठी एवढ्याच सामग्रीवर एकट्याने सगळी पात्रे रंगवणारा मेद्दाह, म्हणजे जुना तुर्की कथेकरी, दिसतो. आपल्याकडे ज्यांनी उत्तम कीर्तनकाराला पूर्वरंगातून आख्यानात शिरताना पाहिले आहे, त्यांना प्रेक्षकाला विश्वासात घेण्याची ही रीत समजावून सांगावी लागणार नाही. मेद्दाहची ही रीत आलिशिक यांच्या अंगवळणी पडली ती ओमेर करताना. ओमेरच्या त्या सलामाचा खरा धनी पुष्कळदा समोरचे पात्र नसतेच. तो सलाम आपल्याला असतो. 1964 साली ज्या नटाने प्रेक्षकाशी असे सलोख्याचे नाते जोडले, त्यालाच 1966 साली कॅमेऱ्याकडे वळून एका उद्ध्वस्त घराण्याची गोष्ट सांगता आली, आणि ती सांगताना आपण आपल्या ओळखीच्या माणसाचे ऐकतो आहोत असे प्रेक्षकांना वाटले. दिग्दर्शकाला एखादा भारदस्त गंभीर नट घेता आला असता. मग हश्मेतचे दुःख भव्य झाले असते, पण त्याची अदब हास्यास्पदही आहे आणि पूजनीयही आहे, हे दोन्ही एकाच वेळी कळले नसते. ते कळण्यासाठी ज्याच्यावर हसण्याची सवय लागली आहे असाच चेहरा लागतो.

त्याच सुमारास तुर्की चित्रपटविश्वात मोठा वाद पेटला होता. 1965 साली स्थापन झालेल्या तुर्की सिनेमातेकभोवती, म्हणजे निवडक चित्रपट जमवून दाखवणाऱ्या संस्थेभोवती, जमलेल्या मंडळींना युरोपीय कलाचित्रपट हे माप वाटत होते आणि येशिल्चाम त्या मापात बसत नव्हता. उलट बाजूला हालित रेफिग यांच्यासारखे दिग्दर्शक सांगत होते की, सरकारच्या किंवा परदेशी भांडवलाच्या मदतीवाचून, थेट लोकांच्या तिकिटावर उभा राहिलेला हा चित्रपट 'लोकांचा चित्रपट' आहे आणि त्याला त्याच्या नियमांनी पाहिले पाहिजे. गंमत अशी झाली की 'आह गुझेल इस्तंबूल' दोन्ही बाजूंना आपला वाटू शकत होता, आणि म्हणून त्याचे मोल वाढत गेले. ओमेरच्या वाट्याला मात्र वकील आला नाही. जे लोकप्रियतेची बाजू घेत होते त्यांनाही राष्ट्रीय संस्कृतीचे गंभीर प्रश्न मांडणारे चित्रपट हवे होते. टोपी चुरगळून हिंडणारा भटका त्यांच्याही लेखी गौणच राहिला.

माझ्या म्हणण्यावर दोन आक्षेप येतील आणि दोन्ही वजनदार आहेत. पहिला असा की ओमेरचे सगळे चित्रपट चांगले नाहीत. हे खरेच आहे. ही मालिका जसजशी परदेशांत हिंडू लागली तसतशी गोष्टीची जागा स्थळदर्शनाने घेतली, आणि 'नरभक्षकांत' व 'अरबस्तानात' या चित्रपटांत आफ्रिकी व अरब लोकांची जी चित्रे आहेत ती आज पाहताना मान खाली जाते. त्यांची पाठराखण करण्याचा माझा विचार नाही. 'त्या काळी असेच चालत असे' हे उत्तरही मला पुरेसे वाटत नाही, कारण ज्या ओमेरची सारी ताकद तळातल्या माणसाच्या बाजूने उभे राहण्यात होती त्यालाच तेथे दुसऱ्या तळातल्या माणसांवर हसायला लावले आहे, आणि त्यामुळे पात्रच खोटे पडते. पण कोणतीही कृती दोषरहित असेल तरच ती जपायची असा नियम लावला तर अभ्यासाला उरेल काय? हे दोष दिसण्यासाठीही त्या प्रती शाबूत असाव्या लागतात.

दुसरा आक्षेप अधिक जिव्हाळ्याचा आहे. तो असा की या धंद्याने आलिशिक यांना वाया घालवले. शंभराहून कितीतरी अधिक चित्रपटांत हश्मेतच्या तोडीच्या भूमिका किती, असे विचारले तर उत्तर बोटांवर मोजण्याइतके आहे, आणि त्याची खंत मलाही वाटते. फक्त 'वाया' या शब्दात एक गृहीतक दडलेले आहे. धंद्याने त्यांना सोडले असते तर त्यांनी एकामागून एक हश्मेत घडवले असते, असे ते गृहीतक. येशिल्चामच्या बाहेर त्या काळी तुर्कस्तानात पूर्ण लांबीचे कथाचित्रपट काढणारी व्यवस्थाच जवळजवळ नव्हती. ज्या पाण्यात हा मासा वाढला ते गढूळ होते हे मान्य, पण ते सोडून दुसरे पाणीही नव्हते.

पुढे तेही आटले. 1970 च्या दशकात दूरचित्रवाणी घरोघर पोहोचली, कुटुंबे चित्रपटगृहांपासून दूर गेली, आणि उरलेल्या प्रेक्षकांसाठी धंदा उत्तान विनोदी चित्रपटांकडे वळला. आलिशिक यांच्यासारख्या नटाला त्यात जागा नव्हती. 1980 च्या दशकात अतिला इल्हान यांनी लिहिलेल्या 'कार्ताल्लार युक्सेक उचार' या दूरचित्रवाणी मालिकेत त्यांनी बानाझली इस्माईल हा धनाढ्य, कणखर माणूस उभा केला, तेव्हा ज्यांना केवळ ओमेर ठाऊक होता ते चकित झाले. आणि 1994 साली यावुझ ओझकान यांच्या 'येंगेच सेपेती', म्हणजे 'खेकड्यांची टोपली', या चित्रपटात त्यांनी मोठी झालेली मुले घरी जमल्यावर उफाळून येणारी भांडणे पाहणारा म्हातारा बाप केला. त्यात ते पुष्कळ वेळ नुसते ऐकत बसतात. ओमेरचे ते जुने ऐकणेच आहे, फक्त त्यातला खेळकरपणा वयाने काढून घेतला आहे. 18 मार्च 1995 रोजी त्यांचे निधन झाले.

त्यांच्या पश्चात चोल्पान इल्हान यांनी त्यांच्या नावाने रंगभूमी आणि चित्रपट या दोन्हींसाठी पुरस्कार सुरू केले, आणि बेयोलूमधल्या ज्या छोट्या नाट्यगृहाला 'क्युचुक साहने' म्हणून इस्तंबूल ओळखत होते त्याच्याशीही त्यांचे नाव जोडले गेले. एका पत्नीने आपल्या परीने केलेले हे काम मोठे आहे. पण चित्रपटांच्या प्रती सांभाळणे घरच्या माणसांना झेपत नाही. तुर्कस्तानात 1959 साली इस्तंबूल नगरपालिकेच्या फिल्म गोदामाला लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांचा केवढा तरी साठा जळून गेला. 1960 च्या दशकात सामी शेकेरोलू यांनी एका चित्रपट मंडळापासून सुरुवात करून जो संग्रह उभा केला, तो पुढे ललित कला अकादमीशी जोडला गेला, म्हणजे ज्या संस्थेत आलिशिक चित्रकला शिकले होते त्याच संस्थेशी. अशा संग्रहांपुढे पैसा आणि माणसे नेहमीच अपुरी असतात, आणि मग कोणता चित्रपट आधी हा प्रश्न येतो. महोत्सवात मान मिळवणारा आधी, दुपारचा चित्रपट नंतर, असे उत्तर सहज तोंडावर येते.

ते उत्तर बदलले पाहिजे असे माझे म्हणणे आहे. 1964 चा पहिला 'तुरिस्त ओमेर' आणि 1966 चा 'आह गुझेल इस्तंबूल' यांची दुरुस्ती एकाच कामाचे दोन भाग म्हणून व्हावी, मूळ ध्वनिपट्टीसकट, कारण या नटाचा अर्धा अभिनय त्या पट्टीवर आहे आणि ती साफ करताना त्यातले सुस्कारे आणि श्वास 'गोंगाट' म्हणून पुसले गेले तर चित्र कितीही लख्ख झाले तरी उपयोग नाही. परदेशी महोत्सवांनी 1973 चा चित्रपट मध्यरात्रीच्या थट्टेच्या खेळात न लावता त्याच संध्याकाळी हश्मेतच्या आधी लावावा. आणि अभिनयाच्या वर्गात उस्मानचा न्यायालयातला प्रवेश, हश्मेतचे सुरुवातीचे निवेदन आणि 'येंगेच सेपेती'तल्या म्हाताऱ्या बापाचे ऐकणे हे तिन्ही तुकडे एकापाठोपाठ दाखवून विद्यार्थ्यांना आधी डोळे मिटून फक्त ऐकायला सांगावे, आणि मग आवाज बंद करून फक्त पाहायला, म्हणजे त्या ध्वनिमुद्रणाच्या खोलीत एका माणसाने एकेक भूमिका दोनदा कशी केली ते त्यांना स्वतःच्या कानांनी आणि डोळ्यांनी तपासता येईल.